मदत हवी आहे: 'सब्रिना'साठी मराठी शब्द सुचवा

माझी नऊ वर्षांची मुलगी आणि मी रोज रात्री 'सब्रिना द टीनएज विच' पाहतो. १९९६ ते २००३ या काळात अमेरिकेत चाललेली ही मालिका. तिला वेगातलं इंग्रजी झेपत नाही, म्हणून मी शेजारी बसून मराठीत सांगत जाते. आणि पहिल्याच भागात अडले.

सोळाव्या वाढदिवसाला सब्रिनाला कळतं की ती 'विच' आहे. मी 'चेटकीण' म्हटलं, तर लेक घाबरली. साहजिकच आहे, आपल्याकडे चेटकीण म्हणजे मुलांना पळवणारी, आणि हडळ तर त्याहून भयंकर. इथे मात्र हिल्डा आणि झेल्डा या दोन आत्या प्रेमानं भाचीला जादू शिकवतात, चुकली की निस्तरायलाही लावतात. 'जादूगारीण' म्हणावं तर टोपीतून ससा काढणारी बाई डोळ्यांपुढे येते. 'मायाविनी' छान वाटतो, पण नऊ वर्षांच्या मुलीला तो जड नाही का होणार?

दुसरी अडचण सेलमची. तो मुळात जादूगार, जग जिंकायला निघाला म्हणून शंभर वर्षं मांजर होण्याची शिक्षा भोगतोय. त्याची तिरकस बोलणी मराठीत कुठल्या ढंगात आणावीत? मला नागपुरी सुचतेय, पण मी पुण्याची, तो लहेजा जमत नाही. नागपूरकरांनी दोन-चार वाक्यं लिहून दिली तर फार बरं होईल.

सब्रिनाचे यमक जुळवलेले मंत्र कुणी मराठीत केले असतील तर तेही द्या. उद्या रात्रीचा भाग मंत्रांचाच आहे.