रुळांवर बांधलेली नायिका: विडंबन फसलं का?

खिडकीपाशी: मूकपट म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढे तेच चित्र येतं. पिळदार मिशांचा खलनायक, रुळांना बांधलेली नायिका, धडधडत येणारी गाडी. वर शेरा, 'काय भाबडे होते तेव्हाचे प्रेक्षक!' अहो, ती रंगमंचावरच्या भडक, थरारक नाटकांची चक्क थट्टा होती! १९१३ साली मॅक सेनेटच्या कीस्टोन या विनोदी चित्रपट काढणाऱ्या कंपनीने 'बार्नी ओल्डफील्ड्स रेस फॉर अ लाइफ' काढला. त्यात फोर्ड स्टर्लिंग मेबल नॉर्मंडला रुळांना जखडतो तेव्हाचे त्याचे हातवारे बघा. आणि तिच्यासाठी धावून येतो खराखुरा शर्यतपटू बार्नी ओल्डफील्ड, आगगाडीशी मोटार पळवत! पण शंभर वर्षांनी लोक नकलेलाच अस्सल समजत असतील, तर विडंबन फसलंच म्हणायचं.

अर्धा_कप: फसलं कसं? ज्यांची थट्टा केली ती नाटकं कुणाला आठवत नाहीत, थट्टा अजून टिकून आहे. याला जिंकणं म्हणतात.

तिरपागडा: मध्येच तोंड घालतो. रुळांवर बांधणं सेनेटच्या डोक्यातून निघालेलं नाही. १८६७ मध्ये न्यूयॉर्कच्या रंगमंचावर ऑगस्टिन डेलीचं 'अंडर द गॅसलाइट' आलं, त्यात ते आहे. फक्त तिथे बांधलेला असतो पुरुष, स्नॉर्की. आणि कुऱ्हाडीने दार फोडून त्याला सोडवते नायिका!

खिडकीपाशी: घ्या, म्हणजे माझंच म्हणणं! 'द हॅझर्ड्स ऑफ हेलन' (१९१४-१७) ही गंभीर मालिका. तिच्यातली तारबाबूचं काम करणारी हेलन स्वतः धावत्या गाडीवर उड्या मारते. ती विसरली गेली, लक्षात राहिली ती बांधलेली बाई.

अर्धा_कप: तो दोष नुसते तुकडे कापून दाखवणाऱ्यांचा. 'टेडी ॲट द थ्रॉटल' (१९१७) अख्खा बघा. रुळांवर ग्लोरिया स्वान्सन, मदतीला धावतो टेडी नावाचा ग्रेट डेन. कुत्रा, राव! हे कळायला जुनी नाटकं कशाला बघायला हवीत?

तिरपागडा: शिवाय सेनेट आधी बायोग्राफ या चित्रपट कंपनीत दिग्दर्शक ग्रिफिथच्या हाताखाली होता. ऐनवेळची सुटका कशी रचतात हे त्याने जवळून बघितलेलं. म्हणून त्याच्या थट्टेतही गाडी जवळ येते तेव्हा जीव थोडा वरखाली होतोच.

खिडकीपाशी: कुत्रा मान्य. पण स्टर्लिंगचं काय? तसले खलनायक ज्याने रंगमंचावर पाहिले नाहीत, त्याला तो नुसता वाईट नट वाटतो. माझ्या भाचीने विचारलं, 'मामा, हा खरंच असा अभिनय करतोय?'

अर्धा_कप: ते राहू द्या. भाची हसली की नाही?

खिडकीपाशी: हसली. मोटार आगगाडीला गाठायला निघाली तेव्हा.