अनुभव धागा: जुनं पुस्तक वाचायला घेताना आधी काय तपासता?

घरच्या कपाटात गाथा, वारसाहक्काचं पुस्तक, गुंतवणुकीचं पुस्तक, गावगाड्यावरचं एखादं जुनं पुस्तक असं सगळं शेजारी शेजारी असतं. त्यातल्या कशावर कितपत विसंबायचं आणि कुठे हमखास फसायला होतं, हे ज्यांना नेमकं ठाऊक आहे त्यांनी लिहावं. आवडलं-नावडलं यासाठी दुसरे धागे आहेत.

*

तुकोबांच्या गाथेबद्दल. कुणी अभंगाचा नुसता क्रमांक सांगितला की आधी विचारा, कुठल्या गाथेतला? मुंबई सरकारने 1950 साली काढलेल्या गाथेतले क्रमांक इतर गाथांशी जुळत नाहीत. टिपण करताना पहिला चरण पूर्ण लिहावा, पुढे प्रतीचं नाव आणि मगच क्रमांक.

शोधताना होणारी चूक वेगळीच. मागची अकारविल्हे सूची अभंगाच्या पहिल्या चरणावरून लावलेली असते. ध्रुपद बहुधा दुसऱ्या कडव्याला असतं, आणि भजनात तेच घोळवून म्हणतात, म्हणून कानात तेच राहतं. ‘तुळसीहार गळां’ सूचीत शोधाल तर मिळणार नाही, ‘सुंदर तें ध्यान’ पाहा. कितीतरी लोक इथेच ‘हा अभंग गाथेत नाहीच’ असं ठरवून मोकळे होतात, याचं फार वाईट वाटतं.

ज्ञानेश्वरीतही राजवाडे प्रत आणि साखरेमहाराजांची प्रत यांत ओव्यांची संख्या सारखी नाही. दिलेल्या क्रमांकावर ओवी सापडली नाही तर मागच्यापुढच्या पाच-सहा ओव्या चाळा.

*

शक आणि सन: शकात 78 मिळवा. शके 1805 म्हणजे 1883. पण 1 जानेवारीनंतरची, पाडव्याच्या आधीची तिथी असेल तर 79. माघ-फाल्गुनाला 79 डोळे झाकून मिळवा; मार्गशीर्ष-पौषात मात्र साल मध्येच बदलू शकतं, तिथे जुनं पंचांगच काढावं लागतं.

*

पैशाच्या पुस्तकात आवृत्तीचं साल आधी पाहायचं, अनुक्रमणिका नंतर. 1990 च्या दशकातल्या पुस्तकांत पीपीएफ 12 टक्क्यांनी धरलेला असतो. जानेवारी 2000 मध्ये तो 11 वर आला आणि एप्रिल 2020 मध्ये 7.1 वर. एकरकमी 1 लाखाचे 15 वर्षांत 12 टक्क्यांनी सुमारे 5 लाख 47 हजार होतात, 7.1 टक्क्यांनी सुमारे 2 लाख 80 हजार. जुना तक्ता समोर ठेवून मुलीच्या शिक्षणाचा हिशेब मांडला तर निम्मी रक्कम कमी पडेल. ठेवींच्या विम्याची मर्यादा जुन्या पुस्तकात 1 लाख दिसते, ती फेब्रुवारी 2020 पासून 5 लाख आहे.

72 भागिले व्याजदर केलं की रक्कम दुप्पट व्हायला साधारण किती वर्षं लागतील ते कळतं. हे सूत्र कुठल्याही आवृत्तीतलं घ्या, चालेल.

*

वारसाहक्काच्या पुस्तकांत 2016 ते 2020 मधली सगळ्यांत फसवी. दिसायला नवी, पण मुलीच्या हक्कासाठी 9 सप्टेंबर 2005 रोजी (हिंदू वारसा कायद्यातली दुरुस्ती लागू झाली तो दिवस) वडील हयात असायला हवेत असं त्यांत सापडतं, कारण ऑक्टोबर 2015 पासून सर्वोच्च न्यायालयाचा निकाल तसा होता. 11 ऑगस्ट 2020 च्या विनीता शर्मा निकालाने ती अट गेली. मुलीला हक्क जन्मानेच मिळतो.

तरी दोन गोष्टी विसरू नका. हे एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित मिळकतीपुरतं आहे. वडिलांनी स्वतः कमावलेल्या घराला हा नियम नाही. आणि 20 डिसेंबर 2004 च्या आधी झालेली विक्री किंवा नोंदवलेलं वाटप आता उकरून काढता येत नाही. महाराष्ट्राची 1994 ची दुरुस्ती त्याआधी लग्न झालेल्या मुलींना वगळत होती. ‘लग्न झालेल्या बहिणीला हिस्सा नाही’ हे वाक्य आजही ऐकू येतं, त्याचं एक मूळ तिथे आहे. या एका वाक्यावर बहिणींकडून हक्कसोड लिहून घेतली जाते, म्हणून इतकं ताणून सांगतोय.

नॉमिनीबद्दलही पुस्तकं मोघम बोलतात. बँकेने नॉमिनीच्या हाती पैसे दिले म्हणजे तो मालक होत नाही. वारसांचा हक्क शाबूत असतो.

*

‘गावगाडा’ (1915) किंवा त्या काळातलं काहीही वाचताना आकड्यांचे तीन रकाने येतात: रुपये, आणे, पै. 16 आण्यांचा रुपया, 12 पैंचा आणा, म्हणजे रुपयाचे 192 पै. ‘0-4-6’ म्हणजे 4 आणे 6 पै, एकूण 54 पै. आजच्या हिशेबाने 28 पैशांच्या किंचित वर. दशमान पद्धत 1 एप्रिल 1957 ला आली. त्याआधीचा ‘पैसा’ म्हणजे रुपयाचा चौसष्टावा भाग.

धान्याचं माप आणि वजन यांचीही गल्लत होते. पायली 4 शेरांची, पण मण कुठे 12 पायल्यांचा, कुठे 16. शिवाय पायली हे माप आहे, वजन नव्हे. पायलीभर ज्वारी आणि पायलीभर तीळ तराजूत सारखे भरत नाहीत. बलुत्याचे आकडे किलोत काढायचे असतील तर आधी लेखक कुठल्या भागाबद्दल लिहितोय आणि धान्य कुठलं, ते पाहा. दोन्ही कळत नसेल तर आकडा पायलीतच राहू द्या.