मदतनिधीच्या खाद्यमेळ्यासाठी ताज्या फळांचा टार्ट : तळ ओला होऊ नये म्हणून काय करावे?

नमस्कार. आमच्या वाचनगटाने मदतनिधीसाठी खाद्यमेळा ठरवला आहे आणि उत्साहाच्या भरात ताज्या फळांच्या टार्टची (बिस्किटासारखा भाजलेला तळ, त्यात दूध-अंड्याचे शिजवलेले क्रीम आणि वर फळे) जबाबदारी मी अंगावर घेतली आहे. घरी मी तो अनेकदा केला आहे. परंतु मागच्या मेळ्याला पहाटे सजवून नेलेल्या टार्टचा तळ दुपारपर्यंत ओल्या पुठ्ठ्यासारखा झाला, कापताना क्रीम ताटलीभर पसरले आणि उरलेले दोन टार्ट मलाच परत न्यावे लागले. मेळा पाच तास चालणार आहे. अनुभवी मंडळींनी कृपया मार्गदर्शन करावे.

प्रतिसाद १

आपल्या वर्णनावरून दोन वेगवेगळे दोष दिसतात. तळासाठी २५० ग्रॅम मैदा, १२५ ग्रॅम थंड लोणी, ९० ग्रॅम पिठीसाखर आणि एक अंडे हे प्रमाण मला भरवशाचे वाटते. पीठ फार मळू नये. ते किमान अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवून मगच लाटावे, नाहीतर भाजताना कडा आक्रसतात. साच्यात बसवल्यावर वर बेकिंगचा कागद आणि कोरडे राजमे पसरून १८० अंश सेल्सिअसवर सुमारे पंधरा मिनिटे भाजावे, मग कागद व राजमे काढून तळ बदामी होईपर्यंत आणखी दहा-बारा मिनिटे ठेवावे. बहुतेक जण इथेच घाई करतात आणि फिकट तळावर समाधान मानतात. गार झालेल्या तळाला आतून वितळलेल्या पांढऱ्या चॉकलेटचा पातळ हात दिला की क्रीममधला ओलावा बराच वेळ खाली उतरत नाही.

क्रीम पसरण्याचे कारण बहुधा अपुरी उकळी हे असावे. अंड्याच्या बलकात स्टार्च तोडणारे विकर (एन्झाइम) असते. क्रीम दाट झाले म्हणून लगेच गॅस बंद केला, तर ते विकर शिल्लक राहते आणि रात्रभरात क्रीम पुन्हा पातळ होते. म्हणून बुडबुडे फुटू लागल्यावरही एक-दोन मिनिटे सतत ढवळत राहावे. अर्धा लिटर दुधाला ४० ग्रॅम कॉर्नफ्लोअर पुरते.

प्रतिसाद २

वरील सूचना उत्तमच आहेत, पण माझ्या मते खरी चूक पहाटे सजवण्यात आहे. तळ हवाबंद डब्यात, क्रीम शीतपेटीत आणि फळे कोरडी करून वेगळी न्यावीत, आणि दर अर्ध्या तासाला जेवढे खपतील तेवढेच टार्ट टेबलामागे भरावेत. मोठ्या टार्टऐवजी आठ सेंटिमीटरचे छोटे करा, म्हणजे कापण्याचा प्रश्नच उरत नाही. दूध-अंड्याचे क्रीम पाच अंशांखाली ठेवावे आणि बाहेर काढल्यावर दोन तासांहून अधिक राहू देऊ नये. कडक उन्हात तर एक तासच पुरे. गहू, दूध, अंडे आणि वापरला असल्यास सुकामेवा, यांची चिठ्ठी टेबलावर ठळक अक्षरांत लावा. न लावल्यास तोच प्रश्न दिवसभर ऐकावा लागतो, शिवाय एखाद्याला त्रास झाला तर निधी गोळा केल्याचा आनंद राहत नाही.

प्रतिसाद ३

फळांविषयी थोडेसे. कच्चा किवी आणि अननस यांतील विकरे दुधातील प्रथिने तोडतात, त्यामुळे क्रीम कडवट लागू शकते. ही फळे घ्यायचीच असतील, तर वाढण्याच्या अगदी आधी ठेवा. सफरचंदाला लिंबाचा रस लावा. जर्दाळूचा जॅम थोड्या पाण्यात गरम करून, गाळून, ब्रशने फळांवर लावला, की चकाकी येते आणि फळे सुकत नाहीत.

धागाकर्ती

सर्वांचे मनःपूर्वक आभार. काल चार छोटे टार्ट करून पाहिले. त्यांपैकी दोन चॉकलेट लावून आणि दोन न लावता, सारखेच भरून शीतपेटीत तीन तास ठेवले. चॉकलेट लावलेला कापताना सुरीखाली तळ चक्क कडकन मोडला. दुसऱ्याचा तळ मऊ पडला होता, मात्र क्रीम दोन्हींत जागचे हलले नाही. आता चोवीस तळ आदल्या दिवशी भाजणार आहे, आणि किवी यादीतून काढला आहे.