मुलाच्या पायावर लाल-जांभळे ठिपके आलेत, दाबले तरी जात नाहीत. काय असेल?

आर्यनची_आई: नमस्कार मंडळी, मुलगा साडेसहा वर्षांचा आहे, मागच्या आठवड्यात सर्दी-घसा झालेला तो बरा झाला आणि आता परवापासून दोन्ही पायांवर गुडघ्याखाली आणि मागे बसायच्या जागेवर बारीक लाल ठिपके आलेत, काही जांभळट झालेत. खाज अजिबात नाही, ताप नाही. सासूबाई म्हणाल्या पित्त उठलंय म्हणून आमसुलाचं पाणी लावलं पण फरक नाही. घोटा दुखतो म्हणून लंगडतोय आणि काल रात्री पोट धरून रडला. डेंग्यू असेल का? खूप टेन्शन आलंय.

लॅबवाला_मिरज: ताई, काचेचा ग्लास घ्या आणि ठिपक्यावर दाबून आरपार बघा. पित्ताच्या गांधी किंवा साधं पुरळ असेल तर दाबल्यावर फिकं पडतं, कारण रक्त नसांच्या आतच असतं, बाजूला सरकतं. दाबूनही लाल तसंच राहिलं तर रक्त नसेतून बाहेर कातडीखाली आलंय, मग ते आमसुलाने कसं जाणार? अशा वेळी आजच बालरोगतज्ज्ञांना दाखवायचं, सीबीसी (रक्तातल्या पेशींची मोजणी) आणि लघवीची तपासणी ते सांगतीलच. प्लेटलेट (रक्त गोठवायला मदत करणाऱ्या पेशी) साधारण दीड ते साडेचार लाख असतात, त्या खूप कमी झाल्या तर असे ठिपके येतात, डेंग्यूत येतात, आणि कधी कधी व्हायरल होऊन गेल्यावर शरीरच आपल्या प्लेटलेट मारायला लागतं (आयटीपी) त्यातही येतात. पण प्लेटलेट चांगल्या असूनही ठिपके येऊ शकतात हे लक्षात असू द्या.
आणि ताप भरला, मूल सुस्त पडलं, ठिपके तासातासाला वाढायला लागले तर सकाळची वाट न बघता सरळ मोठ्या हॉस्पिटलला जा, ते रक्तात पसरलेलं इन्फेक्शन असू शकतं.

रेवा_ठाणे: आमच्या मुलीला अगदी हेच झालं होतं, सर्दीनंतर पायावर ठिपके, घोटे सुजलेले, पोटात कळा. ठिपक्यांवरून बोट फिरवलं तर किंचित उंचवटा लागायचा. तिला एचएसपी होतं, आता त्याला आयजीए व्हॅस्क्युलायटिस म्हणतात, म्हणजे बारीक रक्तवाहिन्यांना सूज येते आणि त्यातून रक्त झिरपतं, म्हणून पाय, सांधे, पोट, किडनी सगळीकडे एकाच वेळी त्रास. लहान मुलांत बऱ्यापैकी दिसतं आणि बहुतेकांचं काही आठवड्यांत आपोआप बसतं. तुमच्या मुलाचं हेच आहे असं मी म्हणत नाही, डॉक्टरांनी बघायला हवं. पोट फार दुखलं, उलट्या थांबेनात किंवा शी मध्ये रक्त दिसलं तर लगेच पळा, आतड्यात आतडं अडकू शकतं.

सुनील_नाशिक: इथेच विचारतो, बाबा पंचाहत्तरीचे आहेत, हातावर जांभळे डाग पडतात, अँजिओप्लास्टीनंतर रक्त पातळ करायची गोळी चालू आहे. आणि छातीवर लालभडक तीळ आहेत.

लॅबवाला_मिरज: दादा, या वयात कातडी पातळ होते, त्यात ती गोळी, जरा धक्का लागला तरी डाग पडतो. पण गोळी मनाने बंद करू नका, स्टेंट (हृदयाच्या नसेत बसवलेली जाळी) बंद पडू शकतो. डाग अचानक वाढले किंवा हिरड्यांतून, लघवीतून रक्त आलं तर हृदयाच्या डॉक्टरांना फोन करा. वर्षानुवर्षं तेवढेच असलेले लाल तीळ बहुधा निरुपद्रवी असतात, एकदा दाखवून घ्या.

आर्यनची_आई: दाखवून आले. ग्लासने दाबल्यावर तसेच राहत होते. प्लेटलेट नॉर्मल, लघवी स्वच्छ, डॉक्टरांनी एचएसपीच सांगितलं. आराम करायला आणि लघवी परत परत तपासायला सांगितलंय. सगळ्यांचे मनापासून आभार 🙏

रेवा_ठाणे: बरं वाटलं ऐकून. लघवीचं मात्र टाळू नका ताई, ठिपके गेले तरी. किडनीचा त्रास नंतर सुरू होऊ शकतो आणि तो बाहेरून दिसत नाही, म्हणून आम्हाला सहा महिने लघवी आणि बीपी बघायला लावलं होतं. लघवी फेसाळ किंवा चहासारखी झाली तर लगेच कळवा. दुखतंय म्हणून मेडिकलमधून पेनकिलर मनाने आणू नका, काही गोळ्या किडनीला जड जातात. आणि ठिपके पुन्हा उठले तर घाबरू नका, काही मुलांत परत येतात, फक्त डॉक्टरांना सांगा.