दिग्दर्शकाने स्वतःच निर्माता व्हावं का?

मांडवीकाठ: इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, 2004 पासून गोव्यात भरतो. दर नोव्हेंबरला पणजीत कुणीतरी नवा दिग्दर्शक भेटतो आणि छाती फुगवून सांगतो, "निर्माताही मीच." मला हे पटत नाही. सेटवर दिग्दर्शकाला आणखी एक टेक हवा असतो आणि निर्मात्याचा डोळा घड्याळावर, कारण शिफ्ट उलटली की युनिटला जादा पैसे. दोघं एकाच डोक्यात बसले की घड्याळच जिंकतं. लक्ष्मीकांत शेटगांवकरांच्या 'पलतडचो मनीस' या कोकणी सिनेमामागे एनएफडीसीचा, म्हणजे सरकारी चित्रपट महामंडळाचा, पैसा होता. 2009 साली टोरांटोच्या महोत्सवात त्याला समीक्षकांचा फिप्रेस्की पुरस्कार मिळाला. घर गहाण टाकून असं निवांत काम होतं का?

पेडण्याचो_नाटकी: एनएफडीसी किती जणांना पुरणार रे? वाट बघून केस पिकतील. कोकणी सिनेमा सुरूच झाला तो अशा माणसामुळे. 1950 साली अल जेरी ब्रागांझांनी 'मोगाचो आंवडो' काढला, निर्माते तेच, दिग्दर्शकही तेच. आणि बार्डरॉय बारेटोंचा 'नाचुंया कुंपासार' आठव. काही पैसा लोकांकडून उभा केला, थिएटरवाल्यांच्या मागे न लागता हॉलमध्ये शो लावले, माणसं तियात्राला, आपल्या कोकणी संगीत नाटकाला, जावीत तशी गेली. राष्ट्रीय पुरस्कारही आले. बाहेरचा निर्माता म्हणाला असता, एक शुक्रवार बघू, नाही चालला तर सोडून दे.

मांडवीकाठ: हे तर माझ्याच बाजूचं झालं. लोकांचा पैसा म्हणजे दुसऱ्याचाच पैसा. शिवाय 'नाचुंया कुंपासार' उभा आहे तो क्रिस पेरी आणि लोर्नाच्या गाण्यांवर, ती इथे घराघरात पाठ, प्रेक्षक आधीच तयार होता. तू तुझा सिनेमा काढणार मराठीत. पुण्या-मुंबईत तुला दुपारचा एखादा शो मिळेल, तोही मोठा हिंदी सिनेमा आला की जाईल. तेव्हा पुढच्या पटकथेवर बसशील की थिएटरांना फोन करत?

पेडण्याचो_नाटकी: फोन करीन. माझ्या सिनेमासाठी माझ्याइतक्या पोटतिडकीने दुसरा कोण करणार?

डिचोलीकरीण: मी एका छोट्या युनिटचे हिशेब बघते, म्हणून बोलते. अनुदानाच्या भरवशावर कर्ज काढू नका. महाराष्ट्राचं अनुदान मिळतं ते चित्रपट पुरा झाल्यावर, परीक्षणात उतरला तर. व्याज तोवर थांबत नाही. आणि पोस्टर, ट्रेलर, प्रसिद्धीचा खर्च बहुतेक जण धरतच नाहीत. पेडणेकरबाब, निर्माता खुशाल व्हा, पण कर्जावर सही करण्याआधी बायकोला विचारा.

पेडण्याचो_नाटकी: विचारलं. म्हणाली, आधी पटकथा वाचायला दे.