अराता इझुमी यांच्या भारतीय कारकिर्दीचे मोल कसे करावे?

कोथरूडकर:
फुटबॉलपटू रायन विल्यम्स यांनी २०२५ मध्ये ऑस्ट्रेलियाचे नागरिकत्व सोडून भारताचे स्वीकारल्याची बातमी वाचली आणि बालेवाडीत पुणे एफसीकडून खेळणारे अराता इझुमी आठवले. जन्माने जपानी असलेल्या या खेळाडूने २०१२ मध्ये आपला देश बदलला, तेव्हा त्यांनी तिशी गाठली होती; भारतासाठी त्यांच्या वाट्याला मोजकेच सामने आले. जपानचे पारपत्र जवळ ठेवून त्यांना भारताकडून खेळता आले नसते का? एवढ्या त्यागाच्या मानाने कारकीर्द अपुरी राहिली, असे आपल्याला वाटते का?

औंधकर:
पारपत्र ठेवणे शक्यच नव्हते. आपली राज्यघटना दुहेरी नागरिकत्व मान्य करत नाही आणि स्वेच्छेने परदेशी नागरिकत्व घेणाऱ्याचे जपानी नागरिकत्व तिथल्या कायद्यानुसार संपते. वडील मूळचे गुजराती असले, तरी केवळ भारतीय वंशाच्या आधारे राष्ट्रीय संघाचे दार उघडत नाही. सरकारने २००८ पासून भारतीय पारपत्राची अट घातलेली आहे. म्हणून त्यांनी नागरिकत्वासोबत नीलकंठ खंभोळजा हे नावही घेतले. फेब्रुवारी २०१३ मध्ये कोची येथे पॅलेस्टाइनविरुद्ध ते प्रथमच भारताकडून खेळले. तो सामना आपण २-४ असा हरलो.

बालेवाडीचा जुना प्रेक्षक:
केवळ आंतरराष्ट्रीय सामन्यांच्या संख्येवरून त्यांची कारकीर्द अपुरी ठरवणे मला पटत नाही. सिंगापूरमधील अल्बिरेक्स निगाता संघातून ते २००६ मध्ये ईस्ट बंगालकडे आले, पुढे मुंबईच्या महिंद्रा युनायटेडकडून खेळले आणि २००९ मध्ये पुण्यात दाखल झाले. त्यांच्या पहिल्याच हंगामात, आय-लीग या तेव्हाच्या सर्वोच्च राष्ट्रीय फुटबॉल लीगमध्ये नवख्या असलेल्या पुणे एफसीने तिसरा क्रमांक मिळवला आणि २०१२-१३ मध्ये आपण चर्चिल ब्रदर्सच्या पाठोपाठ उपविजेते ठरलो. ज्या शहरात फुटबॉलसाठी प्रेक्षागृह भरणे कठीण होते, तिथे मधल्या फळीतल्या एका खेळाडूसाठी लोक आवर्जून बालेवाडीपर्यंत येत असत, हे मी स्वतः पाहिले आहे. नागरिकत्व बदलण्याआधी ते सहा वर्षे या देशात खेळत होते, त्यामुळे तो निर्णय केवळ राष्ट्रीय संघात जागा मिळवण्यासाठी घेतला होता असे मला वाटत नाही. पुढेही ते इथेच राहिले: २०१५ मध्ये अ‍ॅटलेटिको डी कोलकाताकडून आणि २०१६ मध्ये पुन्हा पुण्यात, एफसी पुणे सिटीकडून खेळले.

औंधकर:
हे मान्य आहे, तरीही हळहळ वाटतेच. पंचविशीत त्यांना ही संधी मिळाली असती, तर राष्ट्रीय संघाला त्यांची ऐन उमेदीची वर्षे लाभली असती.

कोथरूडकर:
दोघांचेही आभार. जपानचे कायदेही इतके कठोर आहेत, हे मला माहीत नव्हते. मी केवळ भारताच्या सामन्यांचा हिशेब करत बसलो आणि ज्या पाच हंगामांत त्यांना प्रत्यक्ष खेळताना पाहिले, तेच हिशेबात धरायचे विसरलो.