शब्दचर्चा : पावसाच्या पुस्तकांतले शब्द – हवा की हवामान, वळीव की अवकाळी?

पागोळी : आठ ते बारा वर्षांच्या मुलांसाठी पाऊस आणि ढगांवरच्या पुस्तकाची शब्दसूची तपासते आहे. तीन ठिकाणी घोडं अडलंय. 'हवा', 'हवामान' आणि 'वातावरण' हे तिन्ही शब्द मजकुरात एकमेकांच्या जागी येतात. 'वळीव' आणि 'अवकाळी' यांचा अर्थ एकच दिला आहे. आणि 'दवबिंदू'च्या पुढे 'पानावरचा थेंब' असं लिहून पुढच्याच पानावर 'हवा दवबिंदूपर्यंत थंड झाली की' असं वाक्य आहे. मोठ्यांच्या पुस्तकांतही हाच घोळ दिसतो. काय ठेवावं?

भूगोलवही : पहिला घोळ जुना आहे. शालेय भूगोलात 'हवा' म्हणजे एखाद्या ठिकाणची थोड्या वेळापुरती स्थिती, आणि 'हवामान' म्हणजे दीर्घकाळची सरासरी, साधारण ३० वर्षांच्या नोंदींवरून काढलेली. पण सरकारी खात्याचं नाव 'हवामान विभाग', आणि ते देतं तो उद्याचा 'हवामान अंदाज', म्हणजे पुस्तकी अर्थाने हवेचा अंदाज. मुलाला वर्गात एक अर्थ शिकवला जातो आणि टीव्हीवर दुसरा ऐकू येतो. त्यातून 'हवामान बदल' या शब्दाचं नुकसान होतं. सकाळी ऊन आणि दुपारी पाऊस आला की 'बघ, हवामान बदललं' असं घरात सहज म्हणतात. मग ३०-३० वर्षांच्या सरासरीत पडलेला फरक त्याच शब्दाने सांगायचा तर त्याचं वजनच उरत नाही.

माझा सल्ला : आजच्या स्थितीला 'आजची हवा' किंवा 'हवेची स्थिती', सरासरीला 'हवामान', आणि 'हवामान अंदाज' हा रुळलेला जोडशब्द तसाच ठेवून त्याखाली एक ओळ टीप. 'वातावरण' मात्र पृथ्वीभोवतीच्या वायूंच्या आवरणासाठीच राखून ठेवा. 'ढगाळ वातावरण' बोलण्यात ठीक आहे, पण पुस्तकात 'आभाळ भरलेलं' असताना ते कशाला हवं?

जुनीपोथी : 'आभाळ' निघालंच आहे म्हणून. हा शब्द संस्कृत 'अभ्र'पासून आला, आणि अभ्र म्हणजे ढग. 'निरभ्र' म्हणजे ढग नसलेलं. म्हणून 'आभाळ आलंय' हे वाक्य बरोबर आहे, कारण तिथे आभाळ म्हणजे ढगच. आकाश कुठून येणार? पुढे तो शब्द आकाशालाही लागला. मुलांच्या पुस्तकात दोन्ही अर्थ एकाच पानावर आले तर गोंधळ होतो, म्हणून 'आभाळ आलं, दाटलं, फाटलं' हे ढगांसाठी ठेवा आणि वर पाहायचं असेल तिथे 'आकाश' लिहा.

तसंच 'पाऊस'. तो 'प्रावृष्'पासून, आणि प्रावृष् म्हणजे पावसाळा हा ऋतू. आपल्याकडे ऋतूचं नाव थेंबांना मिळालं आणि ऋतूला पुन्हा 'पावसाळा' असा नवा शब्द घडवावा लागला.

काळीमाती : वळीव आणि अवकाळी हे एक नव्हेत, ती नोंद आधी खोडा.

वळीव हा उन्हाळ्याचा पाऊस, एप्रिल-मे महिन्यांतला. दिवसभर जमीन तापते, दुपारनंतर हवा वर चढते, उंच ढग उभे राहतात, आणि संध्याकाळच्या सुमारास धूळ, वारा, विजा आणि कधी गारा घेऊन तासाभरात सगळं आटोपतं. एका शिवारात पाणी आणि शेजारच्या शिवारात धूळ, हे वळवाचं लक्षण. तो दर वर्षी कमीजास्त येतो. नांगरलेल्या रानातली ढेकळं त्याने विरघळतात, म्हणून त्याची वाट पाहिली जाते. 'अवकाळी' म्हणजे ज्या काळात पाऊस अपेक्षितच नाही तेव्हाचा : हरभरा घाटे धरत असताना, द्राक्ष घडात पाणी भरत असताना, कांदा काढून रानात पसरलेला असताना. बातम्यांत मे महिन्यातल्या वळवालाही सरसकट अवकाळी म्हणतात, आणि तो शब्द तोट्याचा असल्यामुळे वळवाची सगळी माया त्यातून निघून जाते. ऑक्टोबरचा 'परतीचा पाऊस' हा तिसरा. तो मोसमी पावसाचाच शेवट आहे, त्याला अवकाळी म्हणू नये.

'झड' हा शब्द यादीत आहे का? विदर्भ-मराठवाड्यात झड लागते म्हणजे दोन-तीन दिवस सूर्य दिसत नाही आणि मंद पण न थांबणारा पाऊस सुरू राहतो. 'मुसळधार' जोराचं माप सांगतो, 'झड' वेळेचं. दोन्ही 'खूप पाऊस' म्हणून एका ओळीत बसवले तर दोन्ही वाया गेले.

पर्जन्यनोंद : मापाचं बोलणं निघालं, तर भारतीय हवामान विभागाचे टप्पे जवळ ठेवा. २४ तासांत १५.६ ते ६४.४ मिमी म्हणजे मध्यम, ६४.५ ते ११५.५ मिमी जोरदार, ११५.६ ते २०४.४ मिमी अतिजोरदार, आणि त्यापुढे अत्यंत जोरदार. हे २४ तास सकाळी ८.३० ते दुसऱ्या दिवशी सकाळी ८.३० असे मोजतात. २.५ मिमी किंवा जास्त पाऊस झाला तरच तो 'पावसाचा दिवस'. 'ढगफुटी' हा शब्दही असाच मापाचा आहे : लहानशा भागात तासाला १०० मिमीच्या आसपास किंवा त्याहून जास्त. २६ जुलै २००५ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिमी नोंदले गेले, आणि नंतर कुठेही चार तास जोराचा पाऊस झाला की बातमीत ढगफुटी होऊ लागली.

अंदाजातला सर्वांत चुकीचा वाचला जाणारा शब्द 'तुरळक'. 'तुरळक ठिकाणी मुसळधार' यातलं तुरळक हे ठिकाणांचं विशेषण आहे. भागातल्या एक चतुर्थांश किंवा त्याहून कमी केंद्रांवर पाऊस, असा त्याचा अर्थ. जिथे पडेल तिथे मुसळधारच पडेल. पण वाचणारा 'तुरळक पाऊस' एवढंच डोक्यात ठेवतो आणि छत्री घरी राहते. मुलांच्या पुस्तकात हे चित्राने दाखवा : जिल्ह्याच्या नकाशावर २० ठिपके, त्यातले चारच निळे, पण गडद निळे.

आणि 'मि.मी.' नि 'मि.ली.' यांची अदलाबदल होऊ देऊ नका. पाऊस खोलीत मोजतात, घनफळात नाही. १ मिमी पाऊस म्हणजे १ चौरस मीटर जागेवर १ लिटर पाणी, हे एक वाक्य पुस्तकात हवंच.

पागोळी : पुस्तकात घरगुती पर्जन्यमापकाची कृती आहे : प्लॅस्टिकची बाटली कापायची, वरचा भाग उलटा बसवायचा, बाहेरून पट्टी चिकटवायची. ती बरोबर आहे ना?

पर्जन्यनोंद : कृती चालेल, पण ती तीन जागी बिघडते. एक, बाटलीचा तळ खड्ड्याखुड्ड्यांचा असतो. त्यात खडे टाकून बाटली सरळ होते तिथपर्यंत पाणी भरा, आणि पट्टीचा शून्य त्या पाण्याच्या पातळीवर लावा. दोन, उलटं बसवलेलं तोंड बाटलीइतक्याच रुंदीचं असेल तरच पट्टीवरचा आकडा थेट वाचता येतो. १२ सेंमी रुंद नरसाळं ६ सेंमी रुंद बाटलीवर ठेवलं तर क्षेत्रफळ चौपट होतं आणि ५ मिमी पाऊस पट्टीवर २० मिमी दिसतो. म्हणजे आलेल्या आकड्याला ४ ने भागायचं. तीन, जागा. भिंत किंवा झाड जितकं उंच, त्याच्या निदान दुप्पट अंतरावर ठेवा. पत्र्याच्या कडेला ठेवलं तर पाऊस नव्हे, तुमच्याच नावाच्या पागोळ्या मोजल्या जातील.

जुनीपोथी : मोठ्यांच्या पुस्तकासाठी यातच एक सुंदर गोष्ट आहे. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात कोठारात एक अरत्नी, म्हणजे हातभर रुंद तोंडाचं कुंड ठेवून पाऊस मोजायला सांगितलं आहे. माप द्रोणात (पानांचा द्रोण नव्हे, घनफळाचं जुनं माप) : कोरड्या जांगल प्रदेशाला १६, अवंतीला, म्हणजे उज्जैनच्या परिसराला, २३. गोदावरीकाठच्या अश्मकासाठी शब्द आहे 'अर्धत्रयोदश'. जुन्या इंग्रजी भाषांतरात त्याचे साडेतेरा द्रोण झाले, आणि तिथून तो आकडा पुढे उचलला जातो. पण मराठी माणसाला हे चुकायला नको. आपला 'अडीच' हा 'अर्धतृतीय'पासून आला, म्हणजे ज्यातला तिसरा अर्धा आहे तो. त्याच रीतीने अर्धत्रयोदश म्हणजे तेरावा अर्धा : साडेबारा.

काळीमाती : मग 'वाफसा'ही घ्या, तो मापाचाच शब्द आहे. पावसाचं जास्तीचं पाणी निचरून गेलं, मातीच्या पोकळ्यांत पाणीही आहे आणि हवाही, अशी स्थिती. मूठभर माती दाबून गोळा करा आणि कमरेइतक्या उंचीवरून सोडा. फुटून मोकळी झाली तर वाफसा आहे. चिकट लादी झाली तर थांबा. गोळाच वळला नाही तर ओल कमी आहे. पहिल्या सरीला पेरू नका, ७५ ते १०० मिमी पाऊस होऊ द्या, असं सांगतात ते यासाठीच. वरचा थर भिजतो, बी उगवतं, मग पावसाचा खंड पडतो आणि दुबार पेरणी येते.

नक्षत्रांची पानंही नुसती 'लोकसमजुती' म्हणून शेवटी ढकलू नका. ते सूर्याचं कॅलेंडर आहे : मृग ७-८ जूनच्या सुमारास लागतो आणि प्रत्येक नक्षत्र साधारण १३-१४ दिवसांचं. पुनर्वसूचा तो तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा. 'पडला हत्ती तर पडतील भिंती' यातला हत्ती म्हणजे हस्त नक्षत्र, सप्टेंबरच्या अखेरीपासूनचं, हे लिहिलं नाही तर चित्रकार सोंडेचा हत्ती काढतो. मात्र कोणत्या नक्षत्राचं वाहन बेडूक म्हणजे भरपूर पाऊस, हा भाग माहिती म्हणून द्या, अंदाज म्हणून नको.

भूगोलवही : चित्रकाराचा विषय आलाच आहे तर थेंबही तपासा. वर टोक नि खाली गोल असा थेंब नळाच्या तोंडाशी दिसतो, पडत्या पावसात नाही. साधारण १ मिमीपर्यंतचा थेंब गोल असतो. मोठा थेंब खालून हवेच्या दाबाने चपटा होतो, पावासारखा. आणखी मोठा झाला की फुटतो. 'भुरभुर'मधले थेंब अर्ध्या मिलिमीटरहून लहान असतात, म्हणून तिचा आवाज येत नाही. 'रिपरिप' ऐकू येते.

ढगांची नावं ल्यूक हॉवर्डने १८०२ मध्ये लॅटिनमधून दिली : सिरस म्हणजे कुरळी बट, क्युम्युलस म्हणजे रास, स्ट्रेटस म्हणजे थर. तंतुमेघ, राशिमेघ, स्तरमेघ ही मराठी नावं मुलं लगेच ओळखतात, कारण आकार नावातच आहे. दोन्ही द्या. पुढे वर्गात लॅटिन लागणारच आहे.

पागोळी : आणि दवबिंदू?

भूगोलवही : थेंबाला 'दवाचा थेंब' म्हणा. दुसऱ्या अर्थासाठी 'दवबिंदू तापमान' असं पूर्ण लिहा : हवा ज्या तापमानाला थंड झाली की तिच्यातल्या बाष्पाचं पाणी होऊ लागतं ते तापमान. तिथे 'बिंदू' म्हणजे थेंब नाही, तापमापीवरची जागा. उदाहरण सोपं आहे : थंड पाण्याच्या तांब्याला बाहेरून घाम येतो. तांब्याचं पाणी झिरपत नाही, तांब्याला टेकलेली हवा दवबिंदू तापमानाच्या खाली गेलेली असते. आता ती 'हवा दवबिंदूपर्यंत थंड झाली की' ओळ तांब्याच्या चित्राखाली हलवा आणि पानाचं चित्र काढून टाका.